मीनाक्षी शिरोडकर

मीनाक्षी शिरोडकर (पूर्वाश्रमीच्या रतन पेडणेकर; ११ ऑक्टोबर १९१६ – ३ जून १९९७) या मराठी चित्रपट व रंगभूमीवरील अभिनेत्री आणि गायिका होत्या. मास्टर विनायक दिग्दर्शित 'ब्रह्मचारी' (१९३८) हा त्यांचा पहिला चित्रपट. या चित्रपटातील एका गीतात त्या पोहण्याच्या पोशाखात पडद्यावर आल्या आणि त्यामुळे मोठी खळबळ उडाली. नायिका म्हणून त्यांची चित्रपट कारकीर्द मुख्यतः १९३८ ते १९४३ या काळातली आहे. या काळात त्यांनी विनोदी, उपरोधिक, कौटुंबिक आणि समाजसुधारणावादी अशा विविध प्रकारच्या चित्रपटांत काम केले. तरीही चित्रपटेतिहासात त्यांचे नाव प्रामुख्याने त्या एका गीताशी जोडले गेले आहे.

जन्म व पूर्वायुष्य

मीनाक्षी शिरोडकर यांचा जन्म ११ ऑक्टोबर १९१६ रोजी एका मराठी कुटुंबात झाला. त्यांचे माहेरचे नाव रतन पेडणेकर होते. लहानपणापासून त्यांनी शास्त्रीय संगीताचे शिक्षण घेतले. १९३५ साली नभोवाणीवरील कार्यक्रमातून त्यांनी कलाक्षेत्रात पाऊल टाकले. मुंबईत नभोवाणी केंद्र १९२७ साली सुरू झाले होते आणि १९३० पासून त्याचा कारभार सरकारकडे आला होता. 'ऑल इंडिया रेडिओ' हे नाव १९३६ साली मिळाले. नभोवाणीवर कलावंताचा केवळ आवाज लोकांपर्यंत पोहोचे. पुढे ज्यांच्या दर्शनाविषयी एवढी चर्चा झाली त्या कलावतीचा श्रोत्यांशी पहिला परिचय असा स्वरांतून झाला.

१९३६ साली त्यांचा विवाह डॉ. शिरोडकर यांच्याशी झाला. त्यांना एक मुलगा झाला. विवाहानंतर दोन वर्षांनी त्या चित्रपटात आल्या. त्या काळी विवाहित स्त्रीने, त्यातही वैद्यकीय व्यवसायातील गृहस्थाच्या पत्नीने, चित्रपटात नायिकेचे काम करणे ही दुर्मीळ गोष्ट होती. चित्रपटासाठी त्यांनी 'मीनाक्षी' हे नाव धारण केले आणि चित्रपटांच्या श्रेयनामावलीत त्या बहुधा याच एका नावाने ओळखल्या गेल्या. मीनाक्षी या शब्दाचा अर्थ माशासारखे डोळे असलेली, म्हणजे सुंदर नेत्रांची स्त्री, असा होतो.

पार्श्वभूमी

भारतीय चित्रपटाच्या आरंभी स्त्रीभूमिकेसाठी स्त्रिया मिळत नसत. दादासाहेब फाळके यांच्या 'राजा हरिश्चंद्र' (१९१३) या चित्रपटात तारामतीची भूमिका अण्णा साळुंके या पुरुष कलावंताने केली. त्यानंतरच्या 'मोहिनी भस्मासुर' या फाळक्यांच्याच चित्रपटात दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई यांनी कामे केली. पुढील दोन दशके चित्रपटात काम करणारी स्त्री ही प्रतिष्ठित समाजाच्या दृष्टीने संशयास्पदच राहिली.

बोलपटाच्या आगमनानंतर ही स्थिती हळूहळू बदलू लागली. दुर्गा खोटे या सुशिक्षित घराण्यातील स्त्रीने 'फरेबी जाल' (१९३१) या चित्रपटात काम केले तेव्हा त्यांच्यावर कठोर टीका झाली. प्रभात फिल्म कंपनीच्या 'अयोध्येचा राजा' (१९३२) या चित्रपटातील तारामतीच्या भूमिकेने मात्र त्यांना प्रतिष्ठा मिळवून दिली. पदवीधर असलेल्या लीला चिटणीस १९३० च्या दशकात पडद्यावर आल्या. शांता आपटे यांनी 'कुंकू' (१९३७) या चित्रपटात जरठ-कुमारी विवाहाविरुद्ध बंड करणारी नायिका साकारली. शिकलेल्या स्त्रीला चित्रपटात स्थान मिळू लागले होते. मात्र ती कोणत्या भूमिकेत, कोणत्या वेशात आणि कोणत्या हेतूने पडद्यावर येते यावर तिची प्रतिष्ठा अवलंबून राही. तारामतीची भूमिका केलेल्या अभिनेत्रीकडे आदराने पाहिले जाई. मोहात पाडणाऱ्या स्त्रीची भूमिका केलेल्या अभिनेत्रीला तो आदर सहजासहजी मिळत नसे.

चित्रपटातील शृंगाराच्या मर्यादाही या काळात स्थिर झालेल्या नव्हत्या. हिमांशू रॉय आणि देविका राणी यांच्या 'कर्मा' (१९३३) या चित्रपटात चुंबनाचे दृश्य होते. वाडिया बंधूंच्या 'हंटरवाली' (१९३५) या चित्रपटात नादिया यांनी चाबूक हाती घेतलेल्या साहसी स्त्रीची भूमिका केली होती. १९१८ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्यानुसार मुंबईत १९२० पासून परिनिरीक्षण मंडळ कार्यरत होते. ब्रिटिश अमलातील या मंडळांचे लक्ष राजकीय आशयाकडे अधिक असे. त्यामुळे शृंगारिक दृश्यांच्या बाबतीत त्या काळचे चित्रपट स्वातंत्र्योत्तर काळातील अनेक चित्रपटांपेक्षा मोकळे होते.

हंस पिक्चर्स व चित्रपटसृष्टीत प्रवेश

प्रभात फिल्म कंपनी १९३३ साली कोल्हापूरहून पुण्यास गेली. त्यानंतरही कोल्हापुरात चित्रपटनिर्मिती चालू राहिली. मास्टर विनायक (१९०६–१९४७), अभिनेते बाबूराव पेंढारकर आणि छायालेखक पांडुरंग नाईक यांनी १९३६ साली 'हंस पिक्चर्स' ही संस्था स्थापन केली. पौराणिक आणि ऐतिहासिक कथांचे वर्चस्व असलेल्या काळात या संस्थेने समकालीन साहित्यिकांना हाताशी धरून सामाजिक चित्रपट काढले. तिचा पहिला चित्रपट 'छाया' (१९३६) वि. स. खांडेकर यांच्या कथेवर आधारित होता. 'धर्मवीर' (१९३७) हा चित्रपट प्रल्हाद केशव अत्रे यांनी लिहिला. खांडेकरांची आदर्शवादी, भावनाप्रधान कथा आणि अत्र्यांचा बोचरा विनोद असे दोन प्रवाह हंसच्या निर्मितीत एकाच वेळी वाहत होते. मीनाक्षी शिरोडकर यांना या दोन्ही प्रवाहांत काम करण्याची संधी मिळाली.

१९३८ च्या सुमारास बोलपटाच्या नायिकेला गाता येणे जवळजवळ अनिवार्य होते. पार्श्वगायनाचे तंत्र १९३५ पासून भारतात वापरले जाऊ लागले असले, तरी बहुतेक नट-नट्या आपली गाणी स्वतःच गात. शास्त्रीय संगीताचे शिक्षण आणि नभोवाणीवरील अनुभव या दोन्ही गोष्टी मीनाक्षी शिरोडकर यांच्या पाठीशी होत्या. संगीतावर चालणाऱ्या चित्रपटाला हवी असलेली गायिका-अभिनेत्री म्हणून त्यांची योग्यता 'ब्रह्मचारी'पूर्वीच सिद्ध झालेली होती.

'ब्रह्मचारी' (१९३८)

कथानक

'ब्रह्मचारी' हा चित्रपट मराठी आणि हिंदी अशा दोन्ही भाषांत निघाला. कथा प्र. के. अत्रे यांची, दिग्दर्शन मास्टर विनायक यांचे, छायालेखन पांडुरंग नाईक यांचे आणि संगीत दादा चांदेकर यांचे होते. चित्रपटाचा नायक औदुंबर (मास्टर विनायक) हा एक सामान्य तरुण आहे. ब्रह्मचर्य आणि राष्ट्रकार्य या विषयांवरील एक व्याख्यान ऐकून तो भारावून जातो. घरात जमवलेली नट्यांची चित्रे तो फेकून देतो, व्यायामाला लागतो आणि आजन्म ब्रह्मचारी राहण्याचा संकल्प करून एका आश्रमवजा संस्थेत दाखल होतो. तेथे किशोरी (मीनाक्षी शिरोडकर) ही तरुणी येते आणि औदुंबराच्या संकल्पाची कसोटी लागते. अखेर हा संकल्प टिकत नाही. दामुअण्णा मालवणकर यांची विनोदी भूमिकाही या चित्रपटात आहे.

गीत व पोशाख

'यमुनाजळी खेळू खेळ' हे किशोरीच्या तोंडी असलेले गीत अत्रे यांनी लिहिले, दादा चांदेकर यांनी स्वरबद्ध केले आणि मीनाक्षी शिरोडकर यांनी स्वतः गायिले. या गीतात किशोरी पोहण्याच्या पोशाखात पाण्यात उतरलेली दिसते आणि ब्रह्मचर्याचे व्रत घेतलेल्या नायकाला जलक्रीडेचे आमंत्रण देते.

गीताची कल्पना परंपरेला अपरिचित नव्हती. यमुनेच्या काठी कृष्ण आणि गोपी यांची क्रीडा हा गौळण, कीर्तन आणि लावणी यांतील नित्याचा विषय होता. मराठी प्रेक्षक अशा रचना भक्तिभावाने किंवा रसिकतेने ऐकत आलेला होता. अत्रे यांनी या परिचित प्रसंगात दोन बदल केले. परंपरेत खोड्या काढण्यात आणि खेळ मांडण्यात पुढाकार कृष्णाचा असतो; येथे तो स्त्रीकडे आहे आणि लाजण्याची पाळी पुरुषावर आली आहे. दुसरा बदल वेशाचा होता. नऊवारी किंवा ओलेती साडी नेसलेल्या गोपीच्या जागी आधुनिक पोशाखातील शहरी तरुणी आली. शब्द आणि कल्पना जुनी, दृश्य मात्र पूर्णतः नवे, अशा या विसंगतीतून गीताचा विनोद निर्माण होतो.

प्रतिसाद

चित्रपटाला मोठे व्यावसायिक यश मिळाले आणि गीत अतिशय लोकप्रिय झाले. त्याबरोबरच नायिकेच्या पोशाखावरून वादंग माजला. मराठी घरातील विवाहित स्त्रीने असा पोशाख करून हजारो लोकांसमोर यावे, हे अनेकांना धक्कादायक वाटले. या वादात सहभागींच्या वाट्याला आलेली भूमिका समान नव्हती. प्रसंग लेखकाने कल्पिलेला होता, दिग्दर्शकाने तो योजला होता आणि छायालेखकाने चित्रित केला होता. लेखक व दिग्दर्शक यांची गणना पुढे मराठी विनोदी चित्रपटाच्या प्रवर्तकांत झाली आणि 'ब्रह्मचारी' ही त्यांच्या उपरोधाची उत्कृष्ट निर्मिती मानली गेली. पोशाखाचे धाडस मात्र एकट्या अभिनेत्रीच्या नावावर नोंदले गेले, आणि त्याबद्दलची निंदा व कौतुक ही दोन्ही तिच्याच वाट्याला आली.

चित्रपटाच्या रचनेचा विचार केला तर हे गीत अनावश्यक आकर्षण म्हणून घातलेले दिसत नाही. नायकाने नट्यांची चित्रे फेकून दिल्यानंतर एक जिवंत स्त्री त्याच्यासमोर उभी राहते, आणि त्याचा संकल्प व त्याची वृत्ती यांतील अंतर उघडे पडते. किशोरीच्या पोशाखाशिवाय हा उपरोध निष्प्रभ ठरला असता. तथापि याच दृश्यामुळे प्रेक्षक चित्रपटगृहाकडे खेचला गेला, हेही खरे आहे. दांभिकतेवर टीका करणारा प्रसंग त्याच वेळी प्रेक्षकाच्या कुतूहलालाही खाद्य पुरवत होता, आणि हा दुहेरीपणा चित्रपटाच्या यशाचा एक भाग होता.

वैचारिक संदर्भ

'ब्रह्मचारी'चा विषय तत्कालीन महाराष्ट्रातील एका जिवंत वादाशी निगडित होता. विसाव्या शतकाच्या पहिल्या तीन-चार दशकांत शरीरसंवर्धन, संयम आणि राष्ट्रसेवा यांची सांगड घालणाऱ्या अनेक संस्था उभ्या राहिल्या. अमरावतीचे हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ १९१४ साली स्थापन झाले. पुणे जिल्ह्यातील मावळ तालुक्यात लोणावळे येथे स्वामी कुवलयानंद यांनी १९२४ साली कैवल्यधाम ही संस्था स्थापन करून योगाचा प्रयोगशाळेत अभ्यास सुरू केला. पुण्यातील महाराष्ट्रीय मंडळाची स्थापनाही त्याच वर्षी झाली. राष्ट्रीय स्वयंसेवक संघ १९२५ साली नागपुरात स्थापन झाला. महात्मा गांधी यांनी ब्रह्मचर्याला सार्वजनिक जीवनातील एक महत्त्वाचे व्रत मानले होते. या संस्थांची उद्दिष्टे व कार्यपद्धती परस्परांहून भिन्न होत्या. तरीही बलवान आणि संयमी तरुण हा राष्ट्राचा आधार आहे, ही कल्पना त्या काळच्या वातावरणात सर्वत्र पसरलेली होती. क्षणिक उत्साहात व्रत घेणाऱ्या आणि तेवढ्याच झटकन ते सोडणाऱ्या तरुणाला अत्रे यांनी विनोदाचा विषय केले. काही चित्रपट-अभ्यासकांनी या चित्रपटात संघाच्या कार्यपद्धतीचे विडंबनही पाहिले आहे.

या वादाची दुसरी बाजू रघुनाथ धोंडो कर्वे मांडत होते. १९२७ साली सुरू केलेल्या 'समाजस्वास्थ्य' या मासिकातून त्यांनी संततिनियमनाचा आणि लैंगिक शिक्षणाचा पुरस्कार केला. अश्लीलतेच्या आरोपाखाली त्यांच्यावर खटले झाले. १९३४ च्या खटल्यात डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी त्यांचे वकीलपत्र घेतले होते, तरीही कर्वे यांना दंड झाला. शरीराविषयी गंभीरपणे लिहिणाऱ्या संपादकाला न्यायालयात उभे राहावे लागले, त्यानंतर चारच वर्षांनी 'ब्रह्मचारी' प्रदर्शित झाला. ही पार्श्वभूमी लक्षात घेतली म्हणजे मीनाक्षी शिरोडकर यांनी केवढी जोखीम पत्करली होती, याची कल्पना येते.

नंतरचे चित्रपट

'ब्रह्मचारी'नंतर मास्टर विनायक आणि मीनाक्षी शिरोडकर ही जोडी लोकप्रिय झाली. १९३९ साली आलेल्या 'ब्रँडीची बाटली' या चित्रपटाचे लेखनही अत्रे यांचेच होते. दामुअण्णा मालवणकर यांनी साकारलेला भोळा बगाराम ब्रँडीच्या एका बाटलीच्या शोधात भटकतो आणि नाना फजितींना तोंड देतो, असे त्याचे कथानक आहे. बाळ गंगाधर खेर यांच्या मंत्रिमंडळाने १ ऑगस्ट १९३९ पासून मुंबई शहरात दारूबंदी लागू केली. त्यामुळे हा विषय प्रेक्षकांच्या दैनंदिन चर्चेतला होता. या चित्रपटातील मीनाक्षी शिरोडकर यांची भूमिका 'ब्रह्मचारी'हून वेगळ्या, घरगुती वळणाची होती.

त्याच वर्षी आलेला 'देवता' खांडेकरांच्या कथेवर आधारित होता. 'अर्धांगी' (१९४०) हा चित्रपट हिंदीत 'घर की रानी' या नावाने निघाला. परंपरेत वाढलेली पत्नी आणि आधुनिक वळणाची स्त्री यांच्यामध्ये घोटाळणारा पती हा त्याचा विषय आहे. मास्टर विनायक, मीनाक्षी शिरोडकर आणि लीला चिटणीस यांच्या त्यात प्रमुख भूमिका होत्या.

१९४० साली हंस पिक्चर्सचे काम थांबले आणि मास्टर विनायक नवयुग चित्रपट या संस्थेत गेले. 'अमृत' (१९४१) हा नवयुगचा चित्रपट खांडेकर यांच्या कथेवरून तयार झाला. कोकणच्या पार्श्वभूमीवर दारूचे व्यसन आणि संपत्तीचा लोभ यांचे दुष्परिणाम त्यात दाखवले आहेत. या चित्रपटात मीनाक्षी शिरोडकर यांच्यासह बाबूराव पेंढारकर, दादा साळवी आणि ललिता पवार यांनी कामे केली.

पुढे विनायक यांनी नवयुग सोडून 'प्रफुल्ल पिक्चर्स' ही संस्था काढली. तिच्या 'माझं बाळ' (१९४३) या चित्रपटात मीनाक्षी शिरोडकर यांची प्रमुख भूमिका होती. विवाहाविना मातृत्व आलेल्या स्त्रीची कथा त्यात आहे. वडील मास्टर दीनानाथ मंगेशकर यांच्या निधनानंतर (१९४२) कुटुंबाच्या निर्वाहासाठी विनायक यांच्या संस्थेत दाखल झालेल्या लता मंगेशकर यांचीही त्यात छोटी भूमिका होती.

'ब्रह्मचारी' आणि 'माझं बाळ' या चित्रपटांमध्ये पाच वर्षांचे अंतर आहे. पहिल्यात मीनाक्षी शिरोडकर यांनी पुरुषाच्या संयमाची परीक्षा पाहणारी स्त्री उभी केली, तर दुसऱ्यात समाजाने एकटीवर टाकलेला दोष वाहणारी माता. प्रकृतीने ही दोन टोके असली, तरी स्त्री-पुरुष संबंधांचे दायित्व समाज कोणावर टाकतो हा प्रश्न दोन्हींच्या मुळाशी आहे. पहिल्यात तो हसत विचारला आहे, दुसऱ्यात करुणेने. एकाच अभिनेत्रीने हे दोन्ही स्वर पेलले, ही गोष्ट तिच्या कामाचे मूल्यमापन करताना लक्षात घ्यावी लागते.

चित्रपटातील नायिकापदाचा शेवट

मीनाक्षी शिरोडकर यांची नायिका म्हणून कारकीर्द सुमारे पाच-सहा वर्षांची राहिली. या काळातील परिस्थितीही मराठी चित्रपटाला अनुकूल नव्हती. दुसऱ्या महायुद्धामुळे कच्च्या फिल्मचा तुटवडा निर्माण झाला आणि १९४३ पासून तिच्या वाटपावर सरकारी नियंत्रण आले. कोल्हापूर व पुणे येथील चित्रसंस्थांची शक्ती क्षीण होत गेली आणि हिंदी चित्रपटाचे केंद्र असलेल्या मुंबईचे महत्त्व वाढले. मास्टर विनायकही पुढे मुंबईस गेले आणि १९ ऑगस्ट १९४७ रोजी वयाच्या अवघ्या ४१ व्या वर्षी त्यांचे निधन झाले. मीनाक्षी शिरोडकर यांचे बहुतेक महत्त्वाचे चित्रपट विनायक यांनीच दिग्दर्शित केलेले होते.

याच दशकात पार्श्वगायन रूढ झाले. गाणारी एक व्यक्ती आणि पडद्यावर ओठ हलवणारी दुसरी, अशी विभागणी प्रेक्षकांनी स्वीकारली. त्यामुळे गायिका-अभिनेत्रींची एक पिढी मागे पडली. ज्या गुणामुळे त्यांना चित्रपटात स्थान मिळाले होते, तो गुण आता नायिकेसाठी आवश्यक राहिला नाही.

रंगभूमी

चित्रपटांबरोबरच मीनाक्षी शिरोडकर यांनी मराठी रंगभूमीवर, विशेषतः संगीत नाटकांत, कामे केली. १९७० च्या दशकाच्या आरंभापर्यंत त्या अभिनयक्षेत्रात वावरत होत्या. संगीत नाटकाची परंपरा १८८० साली बळवंत पांडुरंग किर्लोस्कर यांच्या 'शाकुंतल' या नाटकापासून बहरली. दीर्घकाळ या रंगभूमीवर स्त्रीभूमिका पुरुषच करीत आणि बालगंधर्वांनी ही परंपरा कळसास नेली. १९३० च्या दशकात बोलपटाच्या स्पर्धेमुळे अनेक नाटक कंपन्या बंद पडल्या. त्याच सुमारास स्त्रीभूमिका स्त्रियांनीच कराव्यात हा विचार बळावला. 'नाट्यमन्वंतर' या संस्थेच्या 'आंधळ्यांची शाळा' (१९३३) या नाटकापासून त्याला ठळक रूप मिळाले. संगीत नाटकाच्या पुढील वाटचालीत पदे स्वतः गाऊ शकणाऱ्या अभिनेत्रींची गरज होती आणि मीनाक्षी शिरोडकर यांच्यासारख्या कलावतींनी ती भागवली. चित्रपटात ज्या स्वराची आवश्यकता कमी होत गेली, त्याला नाट्यगृहात मागणी राहिली.

कुटुंब व निधन

३ जून १९९७ रोजी वयाच्या ८० व्या वर्षी मीनाक्षी शिरोडकर यांचे निधन झाले. हिंदी चित्रपटांतील अभिनेत्री शिल्पा शिरोडकर आणि नम्रता शिरोडकर या त्यांच्या नाती होत. शिल्पा शिरोडकर यांनी 'भ्रष्टाचार' (१९८९) या चित्रपटातून पदार्पण केले. नम्रता शिरोडकर यांनी १९९३ साली मिस इंडिया हा किताब मिळवला. आजीने ज्या पोशाखाबद्दल टीका सोसली, तो पोशाख नातीच्या काळापर्यंत सौंदर्यस्पर्धांचा मान्यताप्राप्त भाग झालेला होता.

वारसा

भारतीय चित्रपटातील पोहण्याच्या पोशाखाचा उल्लेख आला की अनेकदा हिंदी चित्रपटांचीच नावे घेतली जातात. 'दिल्ली का ठग' (१९५८) या चित्रपटात नूतन यांनी असा पोशाख केला होता. शर्मिला टागोर यांचे १९६६ सालचे 'फिल्मफेअर' मासिकाचे मुखपृष्ठ आणि 'अॅन इव्हनिंग इन पॅरिस' (१९६७) हा चित्रपट यांची मोठी चर्चा झाली. मीनाक्षी शिरोडकर यांचे 'ब्रह्मचारी'मधील दृश्य यांच्या दोन ते तीन दशके आधीचे आहे. ते प्रादेशिक भाषेच्या चित्रपटात आणि मुंबईबाहेर स्थापन झालेल्या संस्थेच्या निर्मितीत घडले, हे त्याचे वेगळेपण आहे.

सामाजिक इतिहासाच्या दृष्टीने या दृश्याचे महत्त्व दुहेरी आहे. १९३० च्या दशकातील मराठी मध्यमवर्ग आधुनिकतेकडे ओढलाही जात होता आणि तिला बिचकतही होता, याचे ते दृश्यरूप उदाहरण आहे. तसेच पडद्यावरील भूमिका आणि ती करणारी व्यक्ती यांत समाज फरक करीत नाही, तेव्हा अभिनेत्रीला त्याची किंमत कशी मोजावी लागते, हेही त्यातून दिसते. औदुंबराची भूमिका केल्याने मास्टर विनायक यांना कोणी चंचल ठरवले नाही. किशोरीची भूमिका करणाऱ्या मीनाक्षी शिरोडकर यांच्या नावापुढे मात्र धीट हे विशेषण कायमचे जोडले गेले.

चित्रपट-अभ्यासकांच्या लेखनात 'ब्रह्मचारी' हा मराठीतील उपरोधिक विनोदी चित्रपटाचा महत्त्वाचा टप्पा मानला जातो. त्यातील गीत आजही जुन्या चित्रगीतांच्या रसिकांना परिचित आहे. केवळ ध्वनिमुद्रण ऐकणाऱ्या श्रोत्याला त्यात पोशाख दिसत नाही. त्याला ऐकू येतो तो तालमीत घडलेला आवाज आणि शब्दांतील खट्याळपणा नेमका टिपणारी गायकी.

निवडक चित्रपट

• ब्रह्मचारी (१९३८) – हंस पिक्चर्स, मराठी व हिंदी, भूमिका: किशोरी
• ब्रँडीची बाटली (१९३९) – हंस पिक्चर्स
• देवता (१९३९) – हंस पिक्चर्स
• अर्धांगी (१९४०) – हंस पिक्चर्स. हिंदी आवृत्ती 'घर की रानी'
• अमृत (१९४१) – नवयुग चित्रपट
• माझं बाळ (१९४३) – प्रफुल्ल पिक्चर्स